तालुक्याच्या कोर्टातून नक्कल काढायची असेल तर कोणत्या टेबलावर जायचं

नक्कल शाखेला पाचपैकी साडेचार, विधी सेवा समितीला पूर्ण पाच, आणि बाहेरून आलेल्या माणसाला बरोबर टेबलापर्यंत पोचवण्याच्या व्यवस्थेला एक. आमच्या तालुक्याच्या दिवाणी न्यायालयाला मी दिलेले हे गुण आहेत. तो एकसुद्धा दारावरच्या चपराशी भाऊंच्या नावावर जातो. तालुक्याचं नाव मुद्दाम लिहीत नाही, कारण माझा राग कोणा माणसावर नाही. आतलं काम चोख होतं, लोक मदत करतात, तरी माणूस दारातच अडकून बसतो. हे बदलावं असं मला मनापासून वाटतं, म्हणून सविस्तर लिहिते.

मी शेतकरी आहे. वावर नाल्याच्या पलीकडे. तिथे जायला शेजारच्या धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून, बैलबंडीची वाट. यंदा सोयाबीन निघाल्यावर शेजाऱ्यांनी वाटेत काट्या टाकल्या आणि तार ओढली. कापसाचा पहिला वेचा डोक्यावरच्या गाठोड्यांनी आणावा लागला. तहसीलदारांकडे मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 च्या कलम 5 खाली अर्ज केला. वाट अडवल्यापासून सहा महिन्यांच्या आत हा अर्ज करावा लागतो, हे ज्यांच्यावर अशी वेळ आली आहे त्यांनी पक्कं लक्षात ठेवावं. पेशीला, म्हणजे सुनावणीला, समोरच्यांच्या वकिलांनी सांगितलं की इथे अशी वाट कधी नव्हतीच.

घरी येऊन सांगितलं तर सासूबाई म्हणाल्या, "तुह्या सासऱ्यानं कोर्टातून आनली व्हती ते वाट. कागद पाय पेटीत." पेटीत निकाल सापडला नाही. सापडली एक पिवळी पडलेली नोटीस. तिच्यावर नियमित दिवाणी दाव्याचा नंबर होता, साल 1986 होतं आणि न्यायालयाचा गोल शिक्का होता. त्या दाव्याच्या निकालपत्राची आणि हुकूमनाम्याची, म्हणजे निकालावरून निघालेल्या कोर्टाच्या आदेशाची, प्रमाणित नक्कल मला हवी होती. साध्या झेरॉक्सवर काम भागत नाही. न्यायालयाच्या कागदाची नक्कल पुराव्यात घेतात ती शिक्का-सहीची प्रमाणित प्रत. पूर्वी ही तरतूद 1872 च्या साक्ष कायद्याच्या कलम 76 मध्ये होती, 1 जुलै 2024 पासून ती भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम 75 मध्ये आहे.

जाण्याआधी फोन केला. बसचं भाडं आणि एक दिवसाची मजुरी वाचेल असं वाटलं. बराच वेळ घंटी वाजल्यावर फोन उचलला गेला. "नक्कल पाहिजे" एवढं ऐकून उत्तर आलं, "तहसीलच्या नक्कल विभागात विचारा." तहसीलमध्ये विचारलं तर, "कोर्टाचा निकाल कोर्टातच भेटन ना बाई." घोळ कशाचा आहे ते नंतर कळलं. नक्कल विभाग दोन्हीकडे असतो. तहसीलचा विभाग फेरफार, जुने सातबारे, महसुली आदेश अशा महसुली कागदांच्या नकला देतो. न्यायालयाची नक्कल शाखा दाव्यातल्या आणि खटल्यातल्या कागदांच्या देते. दोन्ही कार्यालयं एकाच रस्त्यावर, कुंपणाला कुंपण लागून. आमच्या लोकांना तर तहसीलदारांची पेशीही "कोर्टाची पेशी"च असते, आणि त्यात लोकांचं काही चुकत नाही, ज्या कायद्याखाली मी अर्ज केला त्याच्या नावातच न्यायालय आहे. म्हणून फोन उचलणाऱ्यानं एवढंच विचारायला हवं की कागद कशाचा आहे, निकाल कोणी दिला. कामाचा बोजा किती असतो ते मी पुढे स्वतः पाहिलं आणि फोन उचलला नाही तरी मी समजून घेईन. पण उचलल्यावर चुकीच्या दारी पाठवलं तर माणसाचा अख्खा दिवस जातो.

मोबाइलवरही पाहिलं. ई-कोर्ट्सचं ॲप पुतण्यानं उतरवून दिलं. ज्यांची केस आज चालू आहे त्यांच्यासाठी ते फार उपयोगी आहे, हे मी जोर देऊन सांगते. प्रत्येक केसला सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक असतो, महाराष्ट्राचा असेल तर तो इंग्रजी एम आणि एच या अक्षरांनी सुरू होतो. तो टाकला की पुढची पेशी कधी, मागच्या पेशीला काय झालं, केस कोणत्या टप्प्यावर आहे, सगळं दिसतं. क्रमांक माहीत नसेल तर पक्षकाराचं नाव आणि साल टाकूनही शोधता येतं. माझ्या जावेच्या भावाची मोटार अपघाताची केस जिल्ह्याला आहे, त्याला फक्त तारीख विचारायला वकिलाकडे जावं लागायचं, ते आता बंद झालं. पण 1986 चा दावा संगणक येण्याच्या आधीचा. तो त्यात सापडला नाही. अशा जुन्या कागदासाठी प्रत्यक्ष जाण्याला पर्याय नाही.

कोर्टाच्या आवारात शिरलं की आधी कडुनिंबाखाली अर्जनवीस आणि मुद्रांक विक्रेते बसलेले दिसतात. त्यातल्या एकानं मला सांगितलं की नकलेच्या अर्जाला प्रतिज्ञापत्र लागेल आणि त्यासाठी पाचशेचा स्टॅम्प पेपर घ्यावा लागेल. इथे सगळ्यांनी सावध राहावं. शासकीय कार्यालयात किंवा न्यायालयात दाखल करायच्या प्रतिज्ञापत्रावरचं मुद्रांक शुल्क महाराष्ट्रात 2004 पासून माफ आहे. साध्या कागदावर लिहिलेलं चालतं. मला हे बचत गटाच्या कामामुळे आधीच माहीत होतं. पण माझ्या मागे उभ्या असलेल्या बाईंनी तो कागद विकत घेतलाच. कोर्ट फी तिकीट वेगळं, ते अर्जावर लावावं लागतं आणि त्याची किंमत थोडी असते. या दोन गोष्टींची गल्लत करून गरिबाचे पैसे जातात.

आत गेल्यावर भिंतीवर काय लावलं आहे ते मी नीट वाचलं. न्यायाधीशांची नावं होती. त्या दिवसाचा बोर्ड, म्हणजे कोणत्या केसेस आहेत त्याची यादी, होती. लोकअदालतीचं पत्रक होतं, भ्रष्टाचाराची तक्रार कुठे करायची तेही होतं. पण कोणतं काम कोणत्या खोलीत होतं, हे कुठेच लिहिलेलं नव्हतं. खोल्यांवर पाट्या आहेत, पण "नाझर" किंवा "सहायक अधीक्षक" एवढं वाचून माझ्या गावच्या माणसाला काय कळणार? व्हरांड्यात एक म्हातारे काकाजी बाकावर बसले होते. नातीच्या जन्माची नोंद राहून गेली होती, शाळेत दाखला मागितला. ग्रामपंचायतीतून कोणीतरी सांगितलं की वर्ष उलटून गेलं, आता कोर्टाचा आदेश आणा. पूर्वी तसंच होतं, प्रथम वर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांचा आदेश लागायचा. जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात 2023 मध्ये दुरुस्ती झाली आणि 1 ऑक्टोबर 2023 पासून एक वर्षापेक्षा उशिराच्या नोंदीचा आदेश महसूलकडचे दंडाधिकारी देतात. म्हणजे जिल्हाधिकारी, उपविभागीय अधिकारी किंवा त्यांनी अधिकार दिलेले कार्यकारी दंडाधिकारी. काकाजी सकाळपासून ज्या दारात बसले होते तिथे त्यांचं काम होतच नव्हतं, आणि दुपारपर्यंत त्यांना कोणी विचारलं नव्हतं.

विचारलं ते चपराशी भाऊंनी. त्यांनीच काकाजींना पलीकडे पाठवलं, आणि मग माझ्याकडे वळून म्हणाले, "तुमची केस चालू हाय का निकाली?"

कोर्टात कोणाकडे जायचं ते ठरवणारा प्रश्न हाच. पुढे जे कळलं ते सगळं याच प्रश्नाच्या दोन बाजूंना बसतं, म्हणून मी ते तसंच सांगते.

केस चालू असेल तर कागद त्या न्यायाधीशांच्या कोर्टातच असतात, आणि विचारायचं ते तिथल्या बेंच क्लर्कला, म्हणजे न्यायाधीशांच्या समोर खाली बसून पुकाऱ्याच्या फाइली हाताळतात त्या बाबूंना. ते काम चालू असताना बोलू शकत नाहीत. कोर्ट बसायच्या आधी किंवा जेवणाच्या सुटीत हळूच जाऊन नंबर दाखवला की पुढची तारीख, नोटीस बजावली की नाही, हे सांगतात. नवीन दावा किंवा अर्ज टाकायचा तर फाइलिंगची खिडकी वेगळी, सीएनआर क्रमांक तिथेच पडतो. समन्स, नोटीस, ती पोचवणारे बेलीफ, जप्ती, कोर्टात पैसे भरणं किंवा भरलेले काढणं, हे सगळं नाझरकडे. समोरच्याला नोटीस मिळालीच नाही म्हणून ज्यांच्या पेशीवर पेशी पडतात, त्यांनी वकिलावर चिडण्याआधी नाझरकडे जाऊन बेलीफाचा अहवाल काय आला ते विचारावं. कित्येकदा पत्ता अपुरा असतो किंवा भत्ता भरलेला नसतो, बस. फौजदारीत तुम्ही फिर्यादी असाल तर तुमची बाजू सहायक सरकारी वकील मांडतात, त्यांचं दालन वेगळं, आणि पोलीस ठाण्याचे पैरवी अंमलदार, म्हणजे ठाण्याचं कोर्टातलं काम पाहणारे पोलीस, रोज कोर्टात असतात. एफआयआरची प्रत मात्र कोर्टात मागू नका, ती फिर्यादीला पोलीस ठाण्यातून फुकट मिळण्याचा हक्क आहे.

केस निकाली असेल तर कागद अभिलेख कक्षात, म्हणजे रेकॉर्ड रूममध्ये, जातात, आणि मागायचं नक्कल शाखेकडे. माझं काम तिथलं.

पण भाऊंनी मला आधी कोपऱ्यातल्या एका लहानशा खोलीत नेलं. तालुका विधी सेवा समिती. तालुक्याच्या प्रत्येक कोर्टात ही असते आणि तालुक्याचे ज्येष्ठ न्यायाधीश तिचे अध्यक्ष असतात. माझी समजूत होती की फुकट वकील मिळायला दारिद्र्यरेषेचं कार्ड लागतं. तसं नाही. 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम 12 प्रमाणे स्त्रीला, मुलाला, अनुसूचित जाती-जमातीच्या माणसाला, अपंगाला, कोठडीत असलेल्याला, औद्योगिक कामगाराला उत्पन्न कितीही असो, वकील फुकट मिळतो. बाकीच्यांना उत्पन्नाची मर्यादा आहे, आपल्या राज्यात ती वर्षाला तीन लाख. मी बाई आहे, एवढं पुरेसं होतं. आधार कार्ड आणि एक साधा अर्ज घेतला. नंतर पॅनलवरच्या वकील मॅडम भेटल्या, त्यांनी नोटीस पाहिली आणि माझ्याशी खाली बसून बोलल्या. त्या घाईत नव्हत्या.

त्यांच्याकडून मला कळलं ते असं. सासऱ्यांच्या हुकूमनाम्यात जर वाट अडवू नये असा कायमचा मनाई हुकूम असेल, तर त्याच्या अंमलबजावणीला मुदत संपण्याची अडचण येत नाही. बाकी बहुतेक हुकूमनाम्यांची दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, बारा वर्षांच्या आत करावी लागते, कायमच्या मनाई हुकमाला ती मुदत लागू नाही. म्हणजे तहसीलचं प्रकरण चालू आहेच, शिवाय दिवाणी कोर्टात दुसरा दरवाजाही उघडा असू शकतो. मॅडम म्हणाल्या, "आधी हुकूमनाम्याचे शब्द डोळ्यांनी पाहू, मग ठरवू." मला त्यांचं हे पटलं. खोटी आशा दाखवली नाही.

आणखी एक गोष्ट त्यांनी सांगितली, ती आमच्या बाजूच्या सगळ्या शेतकऱ्यांनी ऐकावी. जुन्या मध्य प्रांतातल्या गावांचा वाजिब-उल-अर्ज असतो. गावातल्या वहिवाटीच्या वाटा, पाण्याचे हक्क, खासगी जमिनीतले रूढीचे हक्क यांची नोंद त्यात असते, आणि महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम 165 मध्ये त्याला जागा आहे. तसंच कलम 161 खालचं निस्तार पत्रक, म्हणजे गावच्या मोकळ्या जमिनीच्या वापराची, चराई-सरपणाची नोंद. पांदण, वाट, गुरं नेण्याचा रस्ता यावर भांडण असेल तर हे कागद तहसीलच्या अभिलेखातून काढावेत. आमच्या गावाचा वाजिब-उल-अर्ज निघाला, अक्षर जुनं आहे पण वाचता येतं, आणि त्यात नाल्याकडे जाणाऱ्या वाटेचा उल्लेख आहे. गावात हा शब्द माहीत असलेला माणूस मला अजून भेटला नाही, तलाठी साहेब सोडून.

आता नक्कल शाखेबद्दल. एक बाबू, एक टेबल, त्याच्यामागे छतापर्यंत बस्ते. अर्जाचा छापील नमुना तिथेच मिळतो. त्यात लिहायचं ते न्यायालयाचं नाव, दाव्याचा प्रकार, नंबर आणि साल, दोन्ही पक्षकारांची नावं, निकालाची तारीख माहीत असेल तर ती, आणि नेमका कोणता कागद हवा ते. मी "सगळे कागद" लिहिणार होते. बाबूंनी थांबवलं. "बाई, सगळे मागसान तं पानामागं पैसे लागन, अन् वेळही. निकाल अन् हुकूमनामा घ्या, त्याच्यात नकाशा जोडेल असन तं तोही लिहा." नकाशाचं मला सुचलंच नसतं, आणि वाटेच्या भांडणात नकाशाच सगळ्यात मोलाचा निघाला.

दाव्यातले पक्षकार स्वतः आले तर सरळ अर्ज होतो. तिऱ्हाईताला कारण द्यावं लागतं आणि परवानगी लागते. मी सासऱ्यांची सून, म्हणून वारस असल्याचे कागद जोडले. सासऱ्यांचा मृत्यू दाखला, वारसाचा फेरफार, आजचा सातबारा. डिजिटल सहीचा सातबारा महाभूमीच्या संकेतस्थळावरून काढलेला चालला. अर्ज घेतल्यावर नोंदवहीत नंबर पडला, अंदाजे पानांचे पैसे आगाऊ घेतले, पावती दिली. पावतीशिवाय कुठेही एक रुपया देऊ नका. इथे मला कोणी मागितलाही नाही, हे मी स्पष्ट नोंदवते, कारण कोर्ट म्हटलं की लोक पहिल्यांदा तेच विचारतात.

फाइल तालुक्याला नव्हती. इतकं जुनं रेकॉर्ड जिल्ह्याच्या अभिलेख कक्षात गेलेलं. मी विचारलं, जिल्ह्याला जाऊ का. बाबू म्हणाले, "तुमी कायले जाता? मागवाचं काम आमचं हाय." त्यांनी मागणीपत्र माझ्यासमोर लिहिलं. इथे मला थोडा घोर होता, कारण जुन्या दाव्यातले साधे कागद ठराविक काळानंतर नियमाप्रमाणे नष्ट करतात. निकालपत्र आणि हुकूमनामा मात्र बराच जास्त काळ जपतात, असं बाबूंनी समजावलं. फाइल आली तेव्हा त्यांनी स्वतः फोन केला. कापसाचे दिवस, माझा एक दिवस वाचला.

नक्कल हातात आली तेव्हा मी तिथेच उभी राहून पाहिली. पानापानावर शिक्का, शेवटच्या पानावर प्रमाणित असल्याचा शेरा आणि सही, आणि तारखांची नोंद: अर्ज कधी आला, नक्कल कधी तयार झाली, कधी दिली. ज्यांना निकालाविरुद्ध अपील करायचं आहे त्यांच्यासाठी या तारखा फार महत्त्वाच्या. जिल्हा न्यायालयात दिवाणी अपिलाची मुदत तीस दिवसांची असते, उच्च न्यायालयात, म्हणजे आपल्याला नागपूरला, नव्वद दिवसांची. पण नक्कल मिळवायला लागलेले दिवस मुदत कायदा, 1963 च्या कलम 12 प्रमाणे त्यातून वगळतात. म्हणून निकाल लागल्याबरोबर नकलेचा अर्ज टाकावा. शेरा नसेल किंवा तारीख राहून गेली असेल तर टेबल सोडण्याआधीच दुरुस्त करून घ्यावी.

नकाशात आमच्या धुऱ्याची वाट लाल शाईनं दाखवलेली आहे. ती पाहिली तेव्हा बोलवेना. सासऱ्यांना लिहिता-वाचता येत नव्हतं. दाव्याच्या काळात तालुक्याला चालत जायचे, असं सासूबाई सांगतात.

निकाल मात्र इंग्रजीत टाइप केलेला. तालुक्याच्या कोर्टांचं कामकाज मराठीतून व्हावं असा शासनाचा निर्णय 1998 चा, आणि हा दावा त्याच्या आधीचा. वकील मॅडमनी मुख्य भाग वाचून सांगितला. ज्याच्याजवळ वकील नाही त्यानं काय करावं? नक्कल शाखेनं किमान हुकूमनाम्याचा आदेशाचा परिच्छेद मराठीत समजावून सांगण्याची सोय विधी सेवा समितीशी जोडून द्यावी. दोन्ही खोल्या एकाच व्हरांड्यात आहेत. अर्धा गुण मी कापला तो अर्जाची स्थिती घरबसल्या कळण्याची सोय नाही म्हणून. बाबूंनी फोन केला तो त्यांचा चांगुलपणा, ती व्यवस्था नव्हती. उद्या ते बदलून गेले तर?

याच संदर्भात आणखी एक सांगते. आमच्या गावात एकाला फोन आला की तुमच्या नावानं वॉरंट निघालं आहे, पैसे भरा नाहीतर अटक होईल. फोनवरून किंवा व्हिडिओ कॉलवरून कोर्ट कोणालाही अटक करत नाही, पैसे मागत नाही. कोर्टाची नोटीस बहुधा बेलीफ किंवा पोलीस घेऊन येतात, तिच्यावर केसचा नंबर असतो आणि तो नंबर ॲपवर तपासता येतो. शंका आली तर 15100 वर फोन करावा, ही विधी सेवा प्राधिकरणाची फुकटची हेल्पलाइन आहे. माझा तिथला अनुभव चांगला आहे, समोरच्यांनी पूर्ण ऐकून घेऊन मग कोणत्या कार्यालयाचं काम आहे ते सांगितलं. पहिल्या दिवशी मला ज्या फोनची गरज होती तो हाच होता.

नक्कल तहसीलच्या प्रकरणात दाखल केली. स्थळ पाहणीचा आदेश झाला आहे, मंडळ अधिकारी येऊन पंचनामा करतील. दिवाणीतल्या दरखास्तीचं मॅडम पाहत आहेत.

सहायक अधीक्षक साहेब कार्यालयाचे प्रमुख असतात, कार्यालयाबद्दलची सूचना त्यांच्याकडे लेखी द्यायची. मी दिली, पोच घेतली. दारात एक मोठी पाटी लावावी अशी मागणी आहे. वर लिहावं, केस चालू असेल तर डावीकडे, निकाली असेल तर उजवीकडे. त्याखाली साध्या मराठीत: तारीख विचारायची, नोटीस-समन्सचं विचारायचं, पैसे भरायचे किंवा काढायचे, निकालाची नक्कल घ्यायची, वकील परवडत नाही, आणि प्रत्येकासमोर खोलीचा नंबर. सगळ्यात खाली, इथे होत नाहीत अशी कामं: फेरफार आणि सातबारा तहसीलला, मोजणी भूमी अभिलेखला, खरेदीखत दुय्यम निबंधकाकडे, उशिराची जन्म-मृत्यू नोंद महसूलकडे. आणि कोर्टाच्या फोनजवळ हीच यादी चिकटवून ठेवावी, म्हणजे जो उचलेल त्याला वाचून सांगता येईल. साहेबांनी अर्ज वाचला आणि खोल्यांचे नंबर बरोबर आहेत का ते तपासायला बाबूंना बोलावलं. एका खोलीचा नंबर बदलला होता, तो मी तिथेच अर्जावर दुरुस्त करून दिला.